नळीवरचा पाय

बारक्याच्या कानशिलात बसलेली चपराक मला तिच्या आवाजासकट आठवते. नळीवरचा पाय मात्र माझा होता.

सांगलीला विश्रामबागेच्या बाजूला आईच्या वडिलांचा बंगला होता. आजोबा वकील, त्यामुळे पुढच्या अंगाला पक्षकारांसाठी बाक आणि बाकापलीकडे आजीची बाग. दोन आंबे, एक रामफळ, कुंपणाला कण्हेर, आणि खिडकीखाली मोगरा. त्या मोगऱ्याला कुणी हात लावला तर आजीला झोपेतही कळायचं. उन्हाळ्याच्या सुट्टीत आम्ही मामे-मावस भावंडं मिळून नऊ जण तिथे पडीक असायचो.

दुपारी साडेचारला नळाला पाणी सुटलं की माळीबाबा यायचे. त्यांची हिरवी रबरी नळी इतक्या ठिकाणी फुटलेली होती आणि सायकलच्या ट्यूबच्या पट्ट्यांनी इतक्या ठिकाणी बांधलेली होती, की तिच्या तोंडातून जेवढं पाणी येई तेवढंच वाटेत सांडे. नळी ओढायला, तिचा पीळ सोडवायला आणि आळ्यांची माती सारखी करायला त्यांच्याबरोबर धाकटा पोरगा असायचा. सगळे त्याला बारक्या म्हणत. वय माझ्याएवढंच, नऊ-दहा. मी शाळेतल्या गोष्टी सांगायचे, तो विंचवाच्या सांगायचा. त्याच्या गोष्टी जास्त चांगल्या असत.

नळीवर पाय द्यायची खोडी मला कुणी शिकवली नव्हती. ती कुणीच कुणाला शिकवत नसावं. जिथे रबरी नळी पोचली तिथे ही खोडी तिच्या मागोमाग आपली आपणच पोचली असणार. नळीला जिथे वळण असतं तिथे टाच रोवायची. पाणी थांबतं. माणूस आधी नळी हलवतो, मग झटकतो, मग नळाकडे बघतो, आणि शेवटी, देव जाणे का, पण प्रत्येक माणूस शेवटी नळीच्या तोंडात डोळा घालून बघतोच. तेव्हा टाच उचलायची.

माळीबाबांची टोपी उडून मोगऱ्यात पडली. व्हरांड्यात चहा घेत बसलेली घरची माणसं खो खो हसली. माळीबाबा तोंडावरून हात फिरवत वळले. नळीशेजारी आम्ही दोघं उभे. माझ्या पायात लाल सँडल, बारक्याचे पाय अनवाणी. ओल्या मातीत नळीला अगदी चिकटून सँडलचा ठसा उमटला होता, टाचेच्या नक्षीसकट. माळीबाबांनी त्या ठशाकडे बघितलं, हे मी शपथेवर सांगू शकते. मग दोन पावलं पुढे येऊन त्यांनी बारक्याला ठेवून दिली. "नळीवर पाय देतोस व्हय रं, मुडद्या?"

बारक्या गाल धरून माझ्याकडे बघत राहिला. बोलला काहीच नाही. मीही नाही. व्हरांड्यातली माणसं पुन्हा हसली.

बारा-तेरा वर्षांनी पुण्यात, कॉलेजच्या दिवसांत, एका फिल्म क्लबच्या खेळाला गेले होते. छोटासा हॉल, लोखंडी घडीच्या खुर्च्या, मागे सोळा मिलिमीटरच्या प्रोजेक्टरची घरघर. सिनेमाचे सुरुवातीचे तुकडे दाखवत होते. कारखान्यातून कामगार बाहेर पडले, गाडी स्टेशनात आली, एका बाळाला त्याच्या आईबापांनी भरवलं. मग पडद्यावर बाग आली. एक माळी, हातात नळी. मागून एक पोरगा आला, त्यानं नळीवर पाय दिला. पाणी थांबलं. माळ्यानं नळीच्या तोंडात डोळा घातला.

हॉल हसला. मला घाम फुटला.

ते चित्र फ्रान्सच्या लुई ल्युमिएरनं १८९५ साली घेतलेलं, जेमतेम पाऊण मिनिटाचं. सिनेमातली पहिली रचलेली गोष्ट आणि पहिला विनोद म्हणून त्याचं नाव घेतलं जातं. पुढे मी ते किती वेळा पाहिलं याची गणती नाही. आता तर फोनवर आहे. प्रत्येक वेळी एक जागा मला थांबवते. भिजल्यावर माळी पोराच्या मागे धावतो, पोरगा पळतो, चौकटीच्या कडेपाशी माळी त्याला धरतो. कॅमेरा तिपाईवर पक्का, तो काही मान वळवत नाही. तेव्हा माळी त्या पोराला ओढत पुन्हा पुढे आणतो, आपल्यासमोर नीट उभा करतो आणि मग त्याच्या ढुंगणावर फटके देतो. पाठलाग अर्धामुर्धा दिसला तरी चालेल, शिक्षा मात्र पैसे देऊन आलेल्यांना पूर्ण दिसली पाहिजे, असा तो हिशेब.

पैसे देऊन आलेले म्हणजे कोण, तेही पाहण्यासारखं आहे. २८ डिसेंबर १८९५ ला पॅरिसमधल्या ग्रां कॅफेच्या तळघरात ल्युमिएर बंधूंनी पहिला तिकीट लावून खेळ केला. त्या तळघराच्या दालनाचं नाव 'सालों इंदियां', म्हणजे भारतीय दालन. तिकीट एक फ्रँक, आले तेहतीस जण, चित्रं दहा. त्यांतलं एक आमच्या माळ्याचं. पुढच्या वर्षी खेळाची जाहिरात रंगवून घेतली तेव्हा चित्रकारानं पडद्यावर हाच भिजलेला माळी काढला आणि त्याच्यासमोर बसलेले, नीटनेटक्या कपड्यांतले, हसणारे प्रेक्षक. ती जाहिरात पाहिली की मला आमचा व्हरांडा दिसतो. फक्त चहाचे कप काढायचे राहिलेत.

इथपर्यंत हा माझा खासगी अपराधगंड म्हणून सोडून देता आला असता. पण लुई ल्युमिएरनं म्हातारपणी एका मुलाखतीत या चित्राची जन्मकथा सांगितली आहे. ती माझ्या वाचनात आली आणि मी उठून घरात फेऱ्या मारायला लागले.

कल्पना कुठून सुचली? तर धाकट्या भावाच्या खोडीवरून. भावाचं नाव एदुआर, जन्म १८८४ चा, म्हणजे तेव्हा दहा-अकरा वर्षांचा. (पुढे पहिल्या महायुद्धात वैमानिक असताना तो वारला.) पडद्यावर मात्र एदुआर नाही. तो या कामाला फार लहान होता, असं लुई सांगतो. म्हणून त्याच्या जागी ल्युमिएरांच्या कारखान्याच्या सुतारशाळेतला एक शिकाऊ पोरगा घेतला. आडनाव दुव्हाल. आणि माळ्याच्या कामाला घरचाच माळी, क्लेर्क.

म्हणजे खोडी मालकाच्या मुलाची. फटके कामावरच्या पोराला.

लहान होता हे कारण मला पटत नाही. नळी दाबायला नऊ वर्षांची टाच पुरते, हे मी अनुभवानं सांगते. दुसऱ्या बाजूनं विचार करून बघा. एदुआरच पडद्यावर असता तर गोष्टीचा शेवट काय झाला असता? क्लेर्कनं मालकाच्या पोराचा कान धरून, त्याला ओढत आणून, मालकाच्या थोरल्या पोरानं लावलेल्या कॅमेऱ्यासमोर त्याच्या ढुंगणावर फटके मारले असते? नाटकातसुद्धा त्याचा हात उचलला गेला असता का? माळी टोपी उचलून, ओशाळवाणं हसून पुन्हा झाडांना पाणी घालायला लागला असता. त्यात चित्र नाही. पोरगा बदलला म्हणून गोष्टीला शेवट मिळाला. लुईच्या मनात हे असेल असं मी म्हणत नाही. तो सरळ मनाचा यंत्रवाला माणूस, त्याला एक धट्टाकट्टा पोरगा हवा होता. पण माळीबाबांच्या मनातही मला वाचवायचा डाव नव्हता. त्यांचा हात आपोआप बारक्याकडे गेला. असे निर्णय विचार करून घेतले जात नाहीत.

त्याच मुलाखतीत लुई आणखी एक सांगून जातो. त्या दुव्हालनं ल्युमिएरांच्या कारखान्यात जवळजवळ बेचाळीस वर्षं नोकरी केली आणि तो माल बांधणाऱ्यांचा मुकादम होऊन वारला. क्लेर्कचीही चाळीस वर्षं तिथेच गेली. लुईच्या दृष्टीनं ही घरोब्याची, अभिमानाची गोष्ट आहे. मला ती वाचताना बेचाळीस वर्षांच्या दुपारच्या सुट्ट्या दिसतात. त्यांत कुणीतरी कधीतरी त्याला विचारत असेल, "काय रे, सिनेमात मार खाल्लेला पोरगा तो तूच ना?"

१८९६ च्या ७ जुलैला ल्युमिएरांची माणसं मुंबईत वॉटसन हॉटेलात खेळ करत होती. तिकीट एक रुपया. त्या संध्याकाळच्या सहा चित्रांच्या यादीत माळी नाही, समुद्रस्नान आहे, भिंत पाडणं आहे, स्टेशनात येणारी गाडी आहे. आठवडाभरात खेळ नॉव्हेल्टी नाटकगृहात हलला आणि मग दर चार आण्यांपासून दोन रुपयांपर्यंत फाकले. सगळ्यांनी बघायचं तेच, फक्त बसायच्या जागा वेगळ्या. नाटकवाल्यांना यात नवल काहीच नव्हतं. आपल्याकडे पिटातलं हसू आणि पुढच्या खुर्च्यांतलं हसू कधीच एका वेळी फुटत नाही, हे त्यांना कधीपासून ठाऊक होतं.

त्याच १८९६ साली लंडनमध्ये सात वर्षांचा एक मुलगा आई आणि थोरल्या भावाबरोबर लॅम्बेथच्या अनाथ-निराधारांच्या सरकारी आश्रयगृहात दाखल झाला, आणि तिथून आईपासून तोडून त्याला हॅनवेलच्या शाळेत पाठवलं गेलं. निराधार मुलांची ती शाळा. तिथे शिक्षेचा वार ठरलेला होता, शुक्रवार. सगळ्या पोरांना रांगेत उभं करून त्यांच्यादेखत शिक्षा व्हायची. कुणीतरी संडासात कागद पेटवले होते. या मुलानं ते केलं नव्हतं, पण त्याचं नाव पुकारलं गेलं. गुन्हा कबूल आहे की नाही, असं विचारल्यावर त्याच्या तोंडून निघून गेलं, "कबूल." का, ते त्यालाही कळलं नाही. तीन छड्या बसल्या. चार्ली चॅप्लिननं हा प्रसंग आत्मचरित्रात सांगितला आहे, आणि नवल म्हणजे अन्यायाची चीड तिथे नाही. एका भयंकर साहसाला निघाल्यासारखं वाटलं, असं तो लिहितो.

ते वाचलं आणि बारक्याचा चेहरा मला चाळीस वर्षांनी वाचता आला. तोवर मी धरून चालले होते की तो माझ्याकडे रागानं बघत होता. तसं नसावं. तो बघत होता तो जरा कुतूहलानं. बघू तरी, ही काय करते.

चॅप्लिनकडे परत यायचंच आहे, पण मधल्या काळातली फ्रान्सची पोरं सोडवत नाहीत. १९१० च्या सुमाराला तिथे खोडकर मुलांच्या लघुपटांची नुसती लाट आली होती. गोमों कंपनीत लुई फुयाद या दिग्दर्शकानं 'बेबे' नावाचं पोर उभं केलं. चांगल्या घरातलं, गुबगुबीत, सगळ्या मोठ्यांची नक्कल करणारं. त्याचे सत्तरहून अधिक लघुपट निघाले. मग १९१२ मध्ये एका चित्रात या बेबेनं एक धाकटा भाऊ दत्तक घेतला, रस्त्यावरचा, चुणचुणीत. त्याचं नाव 'बू द झां'. झां ही तिथली जेष्ठमधाची गोळी, तिचा हा तुकडा. थोड्याच दिवसांत बेबे बाजूला पडला आणि मालिका या जेष्ठमधाच्या तुकड्याच्या नावानं चालली. १९१३ च्या एका चित्रात हा पठ्ठ्या चक्क हत्ती चोरतो. चांगल्या घरानं दया म्हणून आत घेतलेलं पोर घरच बळकावून बसलं, आणि प्रेक्षकांनी त्याला आनंदानं बसू दिलं.

त्या सगळ्यांत माझी लाडकी लेओंतीन. पाते कंपनीची ही मालिका, १९१० ते १९१२ ची. झिपऱ्या, दोरी, फुगे आणि डोळ्यांत आग लावायची तयारी, एवढ्या भांडवलावर ही मुलगी घरं उद्ध्वस्त करते. एका चित्रात तिला खेळण्यातली होडी मिळते. होडीला पाणी हवं. मग ती नळ सोडते आणि घरच तळं करते. आजीनं पाहिलं असतं तर "मुलीच्या जातीला शोभतं का हे" म्हणाली असती, आणि पदराआड हसली असती. ज्या बाईनं लेओंतीन केली तिचं नाव आजही इतिहासकारांना सापडलेलं नाही. पडद्यावर एवढा धिंगाणा घालून ती कुठल्याच कागदावर नाव न ठेवता निघून गेली.

पण लेओंतीनचं घर तिचं आहे. फर्निचर तिच्या बापाचं आहे. ती भिजवते ते आपल्याच घरचे गालिचे, आणि शेवटी रागावतात ते आपलेच आईबाप. मला ती आवडते यात माझाही स्वार्थ असेल. तिच्या खोडीची किंमत दुसऱ्या कुणाच्या गालावर वसूल होत नाही.

चॅप्लिनची खोडी निराळी. 'द ॲडव्हेंचरर' या १९१७ च्या लघुपटात तो तुरुंगातून पळालेला कैदी आहे आणि एका श्रीमंत घरच्या मेजवानीत शिरला आहे. गच्चीवर आइस्क्रीम खाताना गोळा घसरतो, त्याच्या पँटमधून खाली उतरतो आणि गच्चीच्या फटीतून खाली बसलेल्या एका नटलेल्या बाईच्या उघड्या पाठीवर पडतो. पुढच्या वर्षी एका अमेरिकन मासिकात त्यानं या प्रसंगाची चिरफाड करून लिहिलं. त्याचा मुद्दा असा, की तोच गोळा फरशी पुसणाऱ्या बाईच्या मानेवर पाडला असता तर लोक हसले नसते, त्यांना तिची कीव आली असती. तिच्याजवळ घालवायला तोरा नाही. तोरा असलेल्याची फजिती झाली की लोकांना बरं वाटतं.

किती साधं आणि किती पक्कं. मी हे वाचून चॅप्लिनला मनातल्या मनात हात जोडले. मग दोन दिवसांनी शंका आली. तसं असेल तर क्लेर्क माळ्याला भिजलेलं बघून जग का हसलं? त्याच्याजवळ कसला तोरा? कापडी टोपी आणि एप्रन.

मला वाटतं, चॅप्लिननं एकच शिडी मोजली, पैशाची. पण घरात-बागेत दुसरीही एक शिडी टेकवलेली असते, वयाची. पोरापुढे माळी मोठा आहे, दांडगा आहे, कान धरू शकतो. त्या शिडीवर तो वरच्या पायरीवर उभा, म्हणून तो भिजला की आपण निर्धास्त हसतो. पैशाच्या शिडीवर तो सगळ्यात खाली आहे, हे मात्र त्या चित्रात दिसत नाही, कारण ती शिडी दाखवणारा पोरगा, एदुआर, चित्रातून काढून घेतलेला आहे. आमच्या सांगलीच्या बागेत दोन्ही शिड्या एकदम उभ्या होत्या. वयानं माळीबाबा माझ्यावर, घरानं मी त्यांच्यावर. ते कुणाला मारणार? जो दोन्ही शिड्यांवर त्यांच्या खाली होता, त्याला.

चॅप्लिनला ही दुसरी शिडी ठाऊक नव्हती असं नाही, हॅनवेलच्या पोराला ती ठाऊक नसेल कशी? 'द किड' १९२१ चा. त्यात पाच-सहा वर्षांचा जॅकी कूगन गल्लीतून फिरत लोकांच्या काचा दगडानं फोडतो आणि मागून चॅप्लिन पाठीवर काचांचा चौकटा घेऊन येतो. काच बसवायची आहे का, बाई? खोडीत मजा आहेच, पण ही खोडी म्हणजे धंदा आहे, संध्याकाळच्या जेवणाची तजवीज आहे. दगड मारायला हात मागे नेतो आणि हात मागे उभ्या पोलिसाला लागतो, तेव्हा कूगनच्या चेहऱ्यावर जे येतं ते मी व्हरांड्यातल्या कुठल्याही मुलाच्या चेहऱ्यावर पाहिलेलं नाही. खोडी पकडली गेली तर जेवण नाही, हे ज्याला माहीत आहे त्याचा तो चेहरा. (बिचाऱ्या कूगनची पुढची गंमत अशी, की लहानपणी कमावलेली लाखो डॉलर्सची कमाई आईनं आणि सावत्र बापानं उडवली. त्याला कोर्टात जावं लागलं आणि त्याच्या प्रकरणातूनच १९३९ मध्ये कॅलिफोर्नियात बालकलाकारांच्या कमाईचा कायदा झाला. काचा त्यानं फोडल्या, पैसे दुसऱ्यांनी नेले.)

आणि आपल्याकडे? आपल्याकडे खोडी म्हटली की पहिलं नाव कुणाचं, हे सांगायला नको. दादासाहेब फाळक्यांनी ख्रिस्ताचं चरित्र पडद्यावर पाहिलं तेव्हा डोळ्यांपुढे श्रीकृष्ण, श्रीरामचंद्र, त्यांचं गोकुळ आणि अयोध्या दिसत होती, असं त्यांनीच १९१७ मध्ये 'नवयुग'मध्ये लिहून ठेवलं आहे. ते गोकुळ खोड्यांसकट बघायचं तर १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये. कृष्ण कोण, तर फाळक्यांची लेक मंदाकिनी, सात वर्षांच्या आसपासची. चित्राच्या सुरुवातीला ती कृष्ण होण्याआधी नुसती मुलगी म्हणून कॅमेऱ्यासमोर येते आणि चेहऱ्यावर एकामागून एक भाव आणून दाखवते, जणू बाप लोकांना सांगतोय, देव मागाहून बघा, आधी माझी पोरगी बघा. उरलेली चित्रफीत पुण्याच्या चित्रपट संग्रहालयामुळे आज आपल्याला बघता येते.

कालियाचं मर्दन शेवटी होतं, पण जीव आहे तो त्याआधीच्या खोड्यांत. लोणी चोरलं जातं. आणि मग रात्री कृष्ण एका श्रीमंत व्यापाऱ्याच्या शेजघरात शिरतो, नवराबायको गाढ झोपलेली, आणि त्या शेटजीची दाढी त्याच्या बायकोच्या केसांना बांधून ठेवतो. चॅप्लिनच्या आइस्क्रीमनंतर दोनच वर्षांनी नाशिकच्या एका मुलीनं तोऱ्याची हीच फजिती केली.

पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी टाळी वाजवली. नंतर नेहमीसारखी शंका आलीच. हा कृष्ण म्हणजे नंदाघरचं पोर. नंद गोकुळाचा मुख्य. गौळणी कितीही चिडल्या तरी त्या करतात काय? तक्रार घेऊन यशोदेच्या दारात येतात. आपल्या गौळणींतून शेकडो वर्षं त्या तक्रारीच करत आल्या आहेत. स्वतः कान धरून दोन ठेवून दिल्या, असं एकीनंही गायलेलं माझ्या ऐकण्यात नाही. उखळाला बांधायचा अधिकार फक्त आईला. आणि पेंद्याचं काय? मडकं फुटलं आणि कृष्ण पळाला, तर मागे राहिलेल्या पेंद्याला कुणी धरलं असेल, कुणी बडवलं असेल, याची तक्रार कुणी कुणाच्या दारात न्यायची? हे भजनी मंडळात विचारायची माझी हिंमत नाही, म्हणून इथे विचारून घेतलं.

आता बारक्याचं उरलेलं सांगते. ते मी बरीच वर्षं कुणाला सांगितलं नव्हतं, कारण त्यात माझी बाजू आणखीच पडते.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी माझ्या वाटणीच्या चार लिमलेटच्या गोळ्या फ्रॉकच्या खिशात घालून बागेत गेले. बारक्या नळी ओढत होता. मी गोळ्या पुढे केल्या. त्यानं चारही घेतल्या, एक तोंडात टाकली, तीन चड्डीच्या खिशात. माफीबिफी काही मला मागता आली नाही आणि त्यानं ती मागितलीही नव्हती. गोळी गालात सरकवून तो म्हणाला, "आज म्या देतो पाय. मार तर काल खाऊन झालाय."

इतका चोख हिशेब मी पुढे आयुष्यात कुणाच्या तोंडून ऐकला नाही. वकिलांच्या घरात राहूनसुद्धा.

माळीबाबा रामफळाच्या आळ्यापाशी, आमच्याकडे पाठ करून उभे होते. बारक्यानं वळणाची जागा बघितली, माझ्याकडे बघून डोळा मारला आणि अनवाणी टाच नळीवर रोवली. पाणी थांबलं. मी श्वास धरला. आता ते नळी हलवणार, मग झटकणार, मग तोंडात डोळा घालणार.

त्यांनी यातलं काही केलं नाही. नळी हलवलीसुद्धा नाही. मान न वळवता, आळ्याकडे बघतच ते म्हणाले, "बारक्या, काढ पाय."

बारक्यानं पाय काढला. पाणी आलं, आणि ते आंब्याकडे वळले.